दैवशालाने फिल्म नीट पाहिली

"रोज जायचं. ठरलेल्या वेळी, ठरलेल्या कपड्यांत. तोंडाला मास्क, कारण आपला साधा खोकलासुद्धा त्यांच्या जिवावर बेतू शकतो. दहा मीटरपेक्षा जवळ जायचं नाही. खाली बसायचं. डोळ्याला डोळा द्यायचा नाही. घशातून हलका आवाज काढायचा, म्हणजे कोण आलंय ते त्यांना कळतं. आणि थांबायचं. महिने जातात. वर्षं जातात. मग एक दिवस तुम्ही येता, आणि त्यांचं पानं खाणं थांबत नाही."

हा आवाज विष्णुपंतांचा. परभणीच्या एका शाळेत जन्मभर मराठी शिकवून निवृत्त झालेल्या माणसाचा. त्यामुळे प्रत्येक वाक्यानंतर मुलांनी वहीत उतरवून घ्यावं एवढी जागा सोडलेली. फिल्म त्यांच्या मुलीची. अबोली बरीच वर्षं युगांडाच्या डोंगरात गोरिलांच्या एका कुटुंबामागं फिरली. नाकावरच्या वळ्यांवरून एकेकाला ओळखायचं, कोण कुणाजवळ झोपलं, कोण कुणावर रुसलं, ते टिपून ठेवायचं, हे तिचं काम. मग गुडघे गेले. डॉक्टर म्हणाले, चढ बंद. ती घरी आली आणि फिल्म दाखवत फिरायला लागली. शाळांत, मंगल कार्यालयांत, ग्रामपंचायतीच्या भिंतीवर चादर ताणून.

"जंगल सुटलं आणि चादर हाती आली," ती एकदा आईला म्हणाली.

"मग इस्त्री तरी करून नेत जा," विमलबाई म्हणाल्या.

*

शो संपल्यावर. गाव कुठलंही घ्या.

गोरिला चावतो का? तुम्हाला भीती नाही वाटली? तिथं चपाती मिळते का? लग्न झालंय का? आपल्याकडं गोरिला का नाहीत? हे मोबाइलवर आहे का, मग इथं कशाला बसवलं? मागच्या रांगेतून एकजण छाती बडवतो, हशा होतो, मुख्याध्यापक डोळे वटारतात, आभार, शाल, नारळ. वायरी गुंडाळायच्या.

आताशा अबोली फिल्म सुरू करून बाहेर पायरीवर जाऊन बसायची. आतून वडलांचा आवाज यायचा. तो ऐकत ती गुडघ्याला मलम लावायची. लोक फिल्म बघत नाहीत हे तिला कळून चुकलं होतं, आणि ती स्वतःही बघत नव्हती, तेव्हा तक्रार कुणाकडं करायची?

*

एक प्रश्न मात्र वेगळा होता. दिवाळीनंतर जिंतूरच्या पलीकडच्या खडकवाडीत शो झाला. माळाला चिकटून असलेली, मेंढ्या राखणाऱ्यांची वाडी. बायकांत शेवटी बसलेली एकजण उठली. तिशीची असेल.

"ताई, त्यो आवाज. परत काढून दावा की."

अबोलीनं काढला. घसा मोकळा करण्यासारखा, पण खालच्या पट्टीत, दोनदा. म्म्म्ह्. म्म्म्ह्.

त्या बाईनंही काढला. वाडी हसली. अबोली हसली नाही, कारण आवाज बरोबर आला होता. तिच्या हाताखालच्या शिकाऊ पोरांना तो जमायला पावसाळा सरायचा.

बाईनं नंबर मागून घेतला. नाव दैवशाला.

*

माघ सरत आला होता. दुपारी फोन.

"ताई, मी दैवशाला बोलायलीय. खडकवाडीहून."

"कोण?"

पलीकडून म्म्म्ह्, म्म्म्ह्. अबोलीची पाठ आपोआप ताठ झाली.

"हां. बोल."

"ताई, लांडगीन धीट झाली."

"धीट म्हणजे?"

"तुमचा म्हातारा कसा, तुमी आल्या तरी पानं खात बसतो? तशी. मी गेले तरी उठत न्हाई. पिल्लाला पाजत पडून ऱ्हाती."

अबोलीनं चहाचा कप खाली ठेवला. म्हातारा म्हणजे तिच्या फिल्ममधला पाठीवर चांदी आलेला नर, कुटुंबाचा मुख्य.

"तू काय केलंस?"

"तुमी केलं त्येच की. मेंढरं माळाला लावली की रोज दुपारी जायचे. मास्क कोरोनातला व्हता घरात. दूर बसायचे. बगायचे न्हाई तिच्याकडं. आवाज काढायचे. पैल्यांदा लय पळायची. मंग थांबाया लागली. मंग बिळ केलं तिनं तिथंच, वगळीच्या काठाला. बराबर केलं ना मी?"

"बरोबर केलंस," अबोली म्हणाली. खरं तेच होतं.

"पन आता ती वाडीत यायलीय, ताई. दिवसाढवळ्या. परवा आमचं कोकरू न्हेलं. काल माणिकरावाच्या अंगनात जाऊन हुबी. नातू खेळायलता तेंचा. काही केलं न्हाई तिनं, नुसती बगायली. मान्सं वरडली, पत्रे बडवले, हलंना. उंद्या सकाळी बिळात मिरच्याची धुरी देनार हायेत. आत चार पिल्लं हायेत. तुमी या. आता काय करायचं ते तुमाला मालूम आसंल ना?"

अबोलीला मालूम नव्हतं. भीती कशी घालवायची ते तिला येत होतं. ती परत आणायची वेळ तिच्यावर कधी आली नव्हती, तिच्या माहितीत कुणावरच आली नव्हती.

*

"आत्ता? तुझा उद्या सेलूला शो आहे ना?" विष्णुपंत.

"खडकवाडीहूनच जाईन परस्पर."

"आणि गुडघा?"

"तोही येईल."

जिंतूरची बस. झरी गेलं, बोरी गेलं. दोन्ही बाजूंना काढणीला आलेली ज्वारी, मध्येच हरभऱ्याचे ढीग. अबोलीनं खिडकीला डोकं टेकलं. झोप येत नव्हती आणि जागं राहण्याचा कंटाळा आला होता. फिल्ममधला तोच भाग तिचा सगळ्यात आवडता होता. ते बसून राहणं. त्या एका भागासाठी तिनं तरुणपण दिलं होतं आणि कधी त्याचं वाईट वाटून घेतलं नव्हतं. शेकडो लोकांनी तो भाग बघितला, जांभया दिल्या, शेंगा फोडल्या. एकीनं नीट बघितला.

बसमध्येच तिनं वनखात्यात फोन लावला. पलीकडच्या माणसानं सगळं ऐकून घेतलं, पत्ता लिहून घेतला, उद्या दुपारपर्यंत पोचतो म्हणाला. दुपारपर्यंत. धुरी सकाळी होती.

*

दैवशालाच्या सासऱ्याचं, सटवाजीचं घर वाडीच्या टोकाला. अंगणाच्या बाजूला जाळीचं कुंपण, वाघूर म्हणतात त्याला, आत कोकरं. अबोलीनं उंबऱ्याशी चपला काढल्या आणि घशातून नकळत म्म्म्ह् केलं. घरात शिरताना तिला ती सवयच लागली होती.

"आल्या का गुरुमाउली!" दैवशालाची सासू भिवराबाई ज्वारी पाखडता पाखडता म्हणाली. "या, बसा. तुमी बी खालीच बसत आसताल, न्हाई का? डोळ्याला डोळा न देता?"

"मावशी..."

"बाई, तुमी माकडाचा पिच्चर दावला आन् माझी सून लांडग्याची झाली. सासूजवळ घडीभर बसायला हिला सवड न्हाई. तिकडं मास्क लावून बसती, दुपार दुपार. माझ्यासाठी कधी मास्क बी लावला न्हाई."

"माकड नाही मावशी, गोरिला."

"त्येच त्ये. मोठं माकड."

दैवशाला चुलीपुढं होती. हसली नाही, वर बघितलं नाही.

"पानी तर पिऊ दे तिला," आतून सासरा सटवाजी बाहेर आला. खांद्यावर घोंगडी, हातात काठी. अबोलीसमोर उकिडवा बसला. "आमच्यात लांडग्याचं बीळ उकरत न्हाईत, बाई. येखादं कोकरू न्हेलं तर न्हेलं, त्याच्या वाट्याचं हाय. पन कुत्रं भुकलं की त्यो पळाया पायजे. ही पळतच न्हाई. काल बगत हुबी ऱ्हायली. उंद्या पोरं भाकर टाकतील. परवा ती पोराच्या हातातून घ्यायला जाईल. मंग?"

मग काय, हे अबोलीनंच कधीतरी लिहून ठेवलं होतं, इंग्रजीत, गोरिलांबद्दल. माणसाला सरावलेलं जनावर कुठला माणूस कशासाठी आला आहे ते विचारत नाही.

तेवढ्यात माणिकराव आले. सोयाबीनचं मोठं शेत, वाडीत शब्दाला वजन. मागच्या शोला शाल त्यांच्याच हातून मिळाली होती.

"म्याडम, रामराम. गुडघा कसाय?"

"लांडगा मारणं गुन्हा आहे, माणिकराव."

"मारनार कोन म्हन्तं? धुरी देनार. बाहीर निघाले, गेले, तर आपलं काही म्हननं न्हाई."

"पिल्लं निघत नाहीत धुरात. आतच गुदमरतात."

माणिकराव खाली टेकले. "माझा नातू अडीच वर्साचा हाय. त्यो तिला यू यू करत व्हता. हात पुढं करून. म्या दारातून बगितलं. पाय उचलंना माझा." मग आवाज सावरून, "मला काय शौक न्हाई, म्याडम. सकाळपर्यंत ती आपनहून गेली, पिल्लं घेऊन, तर मिरच्या वापस घरी. पन सकाळपर्यंत."

एवढं मिळालं. ते गेले.

*

"हाकलायचं तिला," अबोली म्हणाली. "बिळाशी भीती वाटली की आई पिल्लं उचलून दुसरीकडं नेते. एकेक करून, तोंडात धरून. रात्रीतून नेईल."

"मंग बडवा की पत्रे," भिवराबाई.

"पत्र्यानं हलत नाही ती, बघितलंत ना. माणूस म्हणजे धोका नाही, हे तिला एकाच माणसानं शिकवलंय. वाडीनं कितीही आरडाओरडा केला तरी तिच्या लेखी तो आवाज आहे नुसता." अबोलीला पुढचं बोलायचा कंटाळा आला होता, पण दुसरं कुणी बोलणार नव्हतं. "तिला दगड दैवशालालाच मारावा लागेल."

चुलीवरचं दूध वर आलं. दैवशालानं ते पदरानं उतरवलं.

"गोफण हाय तिची," सटवाजी हळूच म्हणाला. "ज्वारीवरची पाखरं तीच हाकती. नेम चांगला हाय."

"मामंजी, नका सांगू," दैवशाला म्हणाली.

*

माळावर दोघीच गेल्या. उन्हं तिरपी झाली होती. अबोली काठी टेकत, दैवशाला दहा पावलं पुढं जाऊन थांबत. कमरेला गोफण, पदरात गोटे, काखेत पितळेची थाळी आणि सटवाजीची घोंगडी.

"का केलंस पण?"

दैवशाला चालता चालताच, मागं न बघता:

"तुमच्या पिच्चरमदी तुमी बसलेल्या व्हत्या. लय येळ. त्यो म्हातारा खायला, पाऊस पडायला, तुमी बसलेल्या. कुनी तुमाला हाक मारंना. पानी आन, चुलीवर काय ठिवलंस, कोकरं मोजलीस का. काहीच न्हाई. मला वाटलं, आसं बसाया भेटलं पायजे."

अबोलीला तो शॉट आठवला. त्या वेळी कॅमेऱ्यामागं चौघं होते आणि चौघंही तिला हाका मारत होते. बॅटरी संपतेय, उठ, अंधार होईल, डावीकडं सरक. बुटात जळू शिरली होती. हाका तिनंच नंतर काढून टाकल्या, संगणकावर बसून, एकेक करून. त्या जागी पावसाचा आवाज घातला.

हे तिनं दैवशालाला सांगितलं नाही.

"मास्क लावू का?" वगळीशी, त्या कोरड्या ओढ्याशी आल्यावर दैवशालानं विचारलं.

"लाव. तूच आहेस हे तिला कळायला हवं."

*

लांडगीण बाहेरच होती. तरवडाच्या झुडपांपलीकडं, कपारीतल्या बिळाच्या तोंडाशी, एका कुशीवर. अंग मळकं, उन्हाळलेल्या गवताच्या रंगाचं. दोन पिल्लं तिच्या शेपटीशी झोंबत होती. दैवशालाला बघून तिनं कान हलवला. बस्स.

अबोली मागं थांबली. इतक्या जवळून तिनं लांडगा कधी बघितला नव्हता. गुडघ्यातली कळसुद्धा क्षणभर गेली. मग परत आली.

पहिला गोटा डोक्यावरून गेला. लांडगिणीनं मान वळवून तो कुठं पडला ते बघितलं, पाखरू उडालं तर बघावं तसं.

दुसरा बाजूला पडला. पिल्लू त्याच्यामागं पळालं.

"दैवशाला. लागला पाहिजे."

"व्हय."

"मांडीवर मार. डोक्यावर नको."

"व्हय म्हनले ना!"

तिसऱ्याला गोफण नीट फिरली. फटका बसल्याचा आवाज आला, ओल्या पोत्यावर काठी मारल्यासारखा, आणि लांडगीण केकाटली. पिल्लं बिळात गडप. ती तीन उड्यांत लांब गेली, वळली, मागचा पाय उचलून उभी राहिली. दैवशालाकडं बघत.

म्म्म्ह्.

म्म्म्ह्.

लांडगिणीचे कान खाली आले. लंगडत दोन पावलं ती परत आली.

"आवाज काढू नकोस!"

"मी न्हाई काढला, ताई. निघाला."

अबोलीला माहीत होतं. तिचाही निघायचा.

दैवशाला तशीच उभी राहिली, हातात रिकामी गोफण लोंबत. मास्क आत ओढला जात होता, बाहेर फुगत होता. मग तिनं तो हनुवटीखाली ओढला आणि ओरडली. भिवराबाईनं तिला ऐकवलेलं सगळं, या महिन्यातलं, मागल्या महिन्यातलं, लग्न होऊन आल्यापासूनचं. मेले, भवाने, घरबुडवे, तुला उलथायला दुसरी जागा न्हाई का, तुझ्या पायगुनानं, तुझ्या मढ्यावर. ओरडत ती पुढं धावली. गोटे संपल्यावर ढेकळं. ढेकळं संपल्यावर पायातली चप्पल.

लांडगीण पळाली, पण सरळ नाही. थोडं जाऊन वळायची. तोंडावर मास्क नाही तरी वास तोच, हे माणूस तेच, मग असं का, हे तिला लावता येत नसावं. प्रत्येक वेळी ती वळली की दैवशालाकडं मारायला काहीतरी असायचं. अबोलीनंही वाकून एक दगड उचलला आणि फेकला. तो अबोलीच्याच पुढ्यात चार हातांवर पडला. तिनं परत प्रयत्न केला नाही.

वगळ ओलांडून, पलीकडचा चढ चढून, लांडगीण दिसेनाशी झाली.

मग दोघींनी मिळून बिळाशी जे करायचं ते केलं. दैवशालानं पितळेची थाळी बडवली. सटवाजीची घोंगडी कपारीपुढं वाळत घातल्यासारखी टाकली, माणसाचा, मेंढराचा, कुत्र्याचा वास राहावा म्हणून. आतून बारीक कुरकुर येत होती. दैवशाला बिळाकडं बघत नव्हती. डोळ्याला डोळा न देता.

"आता निघायचं. आपण असलो तर ती येणार नाही."

"आन् आपून गेल्यावर बी न्हाई आली तर?"

अबोलीनं काठी उचलली.

दैवशालाची एक चप्पल सापडली नाही. ती तशीच चालत आली.

*

रात्री भिवराबाईनं भाकरी, पातळ पिठलं, ठेचा वाढला. सून पाठ करून झोपली तेव्हा सासूनं तिच्या तळपायातला काटा चिमट्यानं काढला, मोठमोठ्यानं तिला नावं ठेवत.

*

सकाळी सात-आठ माणसं, गोवऱ्या, मिरच्यांचं पोतं. पुढं सटवाजीचा कुत्रा. अबोली त्यांच्या मागं, प्रत्येक पावलाला एक शिवी गिळत.

घोंगडी ओढून बाजूला फेकलेली होती. कुत्र्यानं वास घेतला, फिरला, बसला. सटवाजी पालथा पडला, खांद्यापर्यंत हात आत घातला, गाल मातीला टेकवून बराच वेळ चाचपत राहिला.

"गार हाय," तो म्हणाला. "कुनी न्हाई."

हात बाहेर काढला तेव्हा मुठीत हाडं होती आणि कोकराचा एक कान, त्यावर सटवाजीच्या कळपाची खाच.

"चारी नेली?" अबोलीनं विचारलं.

"हितं न्हाईत येवढं सांगतो. नेली का कसं, त्ये तिलाच ठावं."

माणसं थोडा वेळ रेंगाळली. करायचं काम नाहीसं झालं की माणसं रेंगाळतात. कुणीतरी बिळापुढं फोटो काढला. माणिकरावांनी पोतं या खांद्यावरून त्या खांद्यावर घेतलं.

"आता या मिरच्याचं काय?"

"ठेचा करा," दैवशाला म्हणाली. तिचा आवाज थेट भिवराबाईसारखा लागला. सगळे हसले, माणिकराव सगळ्यांत जास्त. वाकून घाम पुसायच्या निमित्तानं त्यांनी डोळेही पुसले.

*

दैवशाला मेंढरं घेऊन निघाली तेव्हा अबोली रस्त्यापर्यंत तिच्याबरोबर चालली. अनवाणी पायाला चिंधी बांधलेली. मेंढरांच्या खुरांची धूळ.

पलीकडच्या टेकाडावर काहीतरी हललं. दैवशालाला आधी दिसलं. लांडगीण होती, मागचा पाय जपून टाकत. ती थांबली. इकडं बघितलं.

दैवशालानं हात वर केला. हातात काही नव्हतं.

टेकाड रिकामं झालं.

"पळाली," दैवशाला म्हणाली. "बगा ताई. पळाली." हात खाली यायला वेळ लागला. "आता मी कधी बी गेले तरी पळंल ना?"

"हो."

"बरं झालं."

मेंढरं पुढं गेली होती. तिनं तोंडानं टिचकारा मारून त्यांना वळवलं. मग विचारलं, "तुमच्या त्या म्हाताऱ्याला कोन हाकलतं का आसं?"

"नाही. तिथं त्याला कुणी दगड मारत नाही."

"आन् कुनी बी आलं तर?"

"बसून राहतो. खात."

दैवशालानं मान हलवली, हो म्हणून की नाही म्हणून ते कळलं नाही. वाडीकडून भिवराबाईची हाक आली, दैवशालेऽऽ, लांबलचक, काहीच काम नसताना मारलेली. दैवशालानं तशीच लांबलचक ओ दिली.

*

देवगाव फाट्यावर गाडी बदलायची होती. अबोली हॉटेलच्या बाकावर पाय लांब करून बसली, बीळ रिकामं झाल्याचं वनखात्याला कळवलं आणि घरी फोन लावला.

"बाबा, ते 'रोज जायचं' आहे ना."

"चांगलं आलंय ते. त्याला हात लावू नकोस."

"लावत नाही. त्याच्यापुढं थोडं लागणार आहे."

"काय?"

एक ट्रक गेला. मग दुसरा.

"अजून लिहिलेलं नाही."

"लिही आणि पाठव. शेजारच्यांच्या कुकरच्या शिट्ट्या थांबल्या की वाचून रेकॉर्ड करतो." मग, वाक्यानंतर सोडायची तेवढी जागा सोडून, "दमलीस का गं?"

"हो," अबोली म्हणाली.

*

सेलूची शाळा. खिडक्यांना काळे कागद, जमिनीवर पोरं, मागं खुर्च्यांवर गुरुजी. चादर सुरकुतलेली. अबोलीनं फिल्म सुरू केली आणि सवयीनं दाराकडं निघाली. दारात थांबली. परत आत येऊन भिंतीला टेकून बसली, गुडघा धरून.

डोंगर आले. धुकं आलं. म्हातारा आला, आणि मागच्या रांगेतून एकानं छाती बडवली, हशा झाला. विष्णुपंत बोलायला लागले. "रोज जायचं. ठरलेल्या वेळी, ठरलेल्या कपड्यांत." पडद्यावर तरुण अबोली गवतात बसली, मास्क लावून, खाली बघत. पाऊस पडत होता. कुणी तिला हाक मारत नव्हतं.

"मग एक दिवस तुम्ही येता, आणि त्यांचं पानं खाणं थांबत नाही."

अबोलीनं हात लांब करून चित्र थांबवलं. म्हाताऱ्याच्या ओठांत अर्धं पान राहिलं.

पोरं चुळबुळली.

"मॅडम, अडकलं का?"

"नाही. थांबवलंय."

ती भिंतीला धरून उठली आणि पुढं आली. प्रोजेक्टरचा उजेड तिच्या अंगावर पडला, म्हाताऱ्याचा खांदा तिच्या सदऱ्यावर. तिनं डोळे किलकिले केले. समोर कोण बसलंय ते दिसत नव्हतं.

"जिंतूरच्या पलीकडं एक वाडी आहे," ती म्हणाली. "तिथल्या एका बाईनं ही फिल्म बघितली..."